चौकशीचा महिना

उंब्रज,
३ मार्च २०२५

तीर्थस्वरूप आप्पामामा,
साईराजचा नमस्कार.

माझं सगळं बदललं ते गेल्या नोव्हेंबरातल्या दुसऱ्या शनिवारी, दुपारी सव्वातीनला, कराड स्टँडवर, विट्याच्या गाडीत, उजव्या बाजूच्या चौथ्या बाकापाशी. इतकं नेमकं सांगतो, कारण तुम्ही चौतीस वर्षं कंडक्टर होता आणि तुम्हाला मोघम बोललेलं चालत नाही.

त्या बाकावर मेथीची जुडी बसली होती. माणूस नव्हता. कुणीतरी खिडकीतून जुडी आत टाकून जागा धरली होती आणि स्वतः खाली निवांत भजी खात उभा होता. मी जुडी उचलून मांडीवर घेतली आणि बसलो. गाडी सुटायच्या वेळी मालक वर आला. म्हणाला, "उठा, ती जागा माझी हाय."

मी म्हणालो, "जागा मेथीची होती. तिला मी मांडीवर घेतलंय. तिची काय तक्रार असेल तर तिला बोलू द्या."

मग जे व्हायचं ते झालं. अर्धी गाडी मेथीच्या बाजूनं, अर्धी माझ्या. ड्रायव्हरनं इंजिन बंद केलं. तेवढ्यात मागच्या बाकावरून एक मुलगी म्हणाली, "आवं, तुमाला बसायचंय का भांडायचंय? एक काय ते ठरवा. आमाला उजेडात घरी जायचंय."

सगळी गाडी हसली. मी मेथी दिली, जागा दिली आणि विट्यापर्यंत उभा राहिलो. तिच्या बाकाशेजारी.

तिचं नाव राजनंदिनी. कराडला फार्मसी करते, हॉस्टेलवर राहते, शनिवारी घरी येते. तुमच्यापासून दोन गल्ल्या पलीकडच्या, फौजेतून निवृत्त झालेल्या नाथाजी सुभेदारांची मुलगी. तेव्हा मामा, गेले चार महिने मी दर शनिवारी विट्याला येत होतो तो तुमच्या गुडघ्याची विचारपूस करायला नव्हे. माफ करा.

तिला सगळं माहीत आहे. मी बी.एस्सी. दुसऱ्या वर्षाला सोडली हेही, आणि का सोडली तेही. परीक्षेच्या फॉर्मच्या लायनीत दोन तास उभा होतो, माझा नंबर आला आणि क्लार्कनं खिडकी लावली, म्हणाला जेवणाची सुट्टी. मी त्याला जे बोललो त्यानंतर त्या कॉलेजात परत जाण्यासारखं काही उरलं नव्हतं. ती म्हणाली, "बोललात ते बरोबर होतं. पण बरोबर बोलून कुठं बसलात? सेवा केंद्रात लोकांचे दाखले काढत."

तिच्या वडिलांना मी लांबूनही पाहिलेलं नाही, त्यांनी मला नाही. ती म्हणते, आमच्याकडं आधी चौकशी होते, माणसं गुपचूप येऊन बघून जातात. तेव्हा महिनाभर कुणाशीही भांडू नका, एवढंच करा. मी कबूल केलंय. तुम्ही सुभेदारांच्या कानावर माझं स्थळ घाला. फोनवर तुम्हाला ऐकू येत नाही आणि हे ओरडून सांगण्यासारखं नाही, म्हणून पत्र.

लवकर जा. मला दम निघत नाही.

तुमचा,
साईराज


विटा,
८ मार्च

चि. साईराज, अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र दोनदा वाचलं. एकदा चष्म्याबिगर, एकदा लावून. फरक पडला न्हाई, गाढवपणा दोन्हीकडं तेवढाच दिसला. मी शेजाऱ्यापाजाऱ्यांना सांगत हुतो की भाच्याचा माझ्यावर लय जीव हाय. असू दे. माझ्या गुडघ्यानं तुला माफ केलं.

सुभेदाराकडं जाऊन आलो. त्याचं बोलणं मला निम्मंच कळतं, त्याच्या मिशा हलतात पण ओठ दिसत न्हाईत. शेवटी पाटीवर लिहून बोललो. तुझ्याबद्दल जे सांगायचं ते मी सांगितलं. तो म्हणाला, चौकशी करतो.

आता नीट ऐक. आमच्यातली चौकशी म्हंजे काय हे तुला ठाऊक न्हाई. तुझ्या आईच्या वक्ताला मी उंब्रजला बैल बघायला म्हणून आलो हुतो. दोन दिवस राहिलो. तुझ्या बापाच्या पायावर मुद्दाम पाय दिला. त्याच्या गोठ्याला नावं ठेवली. जेवताना त्याच्या ताटातली भाकरी उचलली. त्यानं न बोलता दुसरी वाढून घेतली, तवा आमी बहीण दिली. त्याला अजून वाटतं मी बैलासाठी आलो हुतो. तू सांगू नको.

तवा महिनाभर तुझ्याम्होरं येईल तो परत्येक माणूस सुभेदाराचा समज. कोण पायावर पाय देईल, कोण लायनीत घुसेल, कोण उगं खवचट बोलेल. तोंडाला कुलूप. हसत राहा. पोरगी बी तेच सांगती म्हणतोस, म्हंजे पोरगी शाणी हाय. तू कसा तिला घावलास हेच कोडं.

आप्पासो


उंब्रज,
१७ मार्च

तीर्थस्वरूप मामांस नमस्कार.

नऊ दिवस झाले. मी कुणाशीही भांडलो नाही. माझे दात दुखायला लागलेत.

आमच्या सेवा केंद्राच्या दारात सकाळी लाइन लागते. म्हणजे माणसं चावडीच्या कट्ट्यावर बसतात आणि लायनीत चपला, पिशव्या आणि एक वीट उभी राहते. ती वीट कुणाची हे मला अजून कळलेलं नाही, पण तिचा नंबर रोज तिसरा असतो. पूर्वी मी वीट उचलून गटारात टाकायचो. आता मी विटेला नमस्कार करतो. काय सांगावं, सुभेदारांची असेल.

सुलाबाई म्हणून एक बाई आहेत. लायनीला बगल देऊन खिडकीत डोकं घालतात आणि म्हणतात, "बाळा, एकच इचारायचंय." त्या एकात सहा दाखले, सुनेचं आधार आणि जावयाचा सातबारा असतो. मी हसत सगळं काढून दिलं. दुसऱ्या दिवशी "एकच इचारायचंय" म्हणणाऱ्या अकरा बाया आल्या. सुलाबाईंनीच पाठवल्या होत्या. म्हणे, "त्ये पोरगं आता काय बी बोलत न्हाई, जावा."

एक माणूस मात्र नक्की चौकशीचा आहे. पांढरी टोपी, हातात काठी. गेल्या सोमवारपासून रोज येतो, माझ्यासमोरच्या खुर्चीत बसतो, काही काम सांगत नाही, नुसता माझ्याकडं बघतो. मोबाईलवर मोठ्यानं कीर्तन लावतो. माझ्या पाण्याच्या बाटलीला तोंड लावून पाणी पितो. मी त्याला रोज तीन चहा पाजतो. काल त्यानं माझी पेन खिशाला लावली आणि निघाला. मी मागं पळत जाऊन टोपण दिलं.

आईला वाटतंय मला बाहेरची बाधा झालीय. शेजारच्या हरणाबाईंनी येऊन मीठ-मोहऱ्या ओवाळून टाकल्या. बाबा म्हणाले, "कुणी मारलंय का तुला? नाव सांग." मी म्हणालो, "नाही, मी शांत झालोय." त्यावर ते आईला म्हणाले, "कराडच्या डॉक्टरला दाखवू या."

शनिवारी राजनंदिनी गाडीत भेटली. माझ्या पुढ्यात एकानं रांग मोडून चढताना मला कोपर मारलं. मी म्हणालो, "सावकाश, लागेल तुम्हाला." ती माझ्याकडं जरा वेगळ्याच नजरेनं बघत राहिली. मग विट्यापर्यंत खिडकीकडं तोंड करून बसली. खूश झाली असणार.

सुभेदार काही बोलले का? लगेच कळवा. मला रात्री झोप नाही, दिवसा बोलणं नाही.

साईराज


विटा,
२२ मार्च

चि. साईराज, आशीर्वाद.

कार्डावर लिहितोय, जागा कमी हाय. पत्र वाचून लय हसलो. सुभेदार गप हाय. गुरुवारी सकाळी सातच्या गाडीनं कुठंतरी गेला आणि सांजच्याला आला. कुठं गेलतास म्हणून पाटीवर लिहून इचारलं तर पाटी पुसली. तू तसाच राहा.

आप्पासो


उंब्रज,
३१ मार्च

तीर्थस्वरूप मामांस नमस्कार.

महिना संपायला आठवडा राहिला. आता मला जमायला लागलंय.

टोपीवाला चौकशीचा नव्हता. त्याच्या घरचा पंखा जळाला होता, म्हणून तो आमच्याकडं वाऱ्याला बसत होता. पंखा दुरुस्त झाला आणि तो यायचा बंद झाला. पेन गेली.

परवा गावातल्या तानाजीच्या लग्नाला गेलो होतो. जेवायला बसलो तर वरणभात वाढून झाला नाही तोच माझ्या खुर्चीमागं एक जण येऊन उभा राहिला. माझ्या मानेवर त्याचा श्वास. मी घास घेतला की तो सुस्कारा टाकायचा. मग त्यानं माझ्या खुर्चीच्या पाठीला हात लावला. मग त्याच्या बायकोला हाक मारली, "ये, हितं हुतंय आता." हितं हुतंय! मामा, मी तिथं जेवत होतो! पूर्वीचा मी असतो तर जिलेबी मागवून मागवून त्याला संध्याकाळपर्यंत उभा केला असता. मी उठलो. अर्ध्या ताटावरून. "बसा," म्हणालो. तो ताट न बदलताच बसणार होता, वाढप्यानं अडवलं.

केंद्रात तर मी आता देवमाणूस झालोय. दहा-अकरा दिवसांपूर्वी, गुरुवारी, लय गर्दी होती. एक उंच म्हातारा लायनीत चौथा उभा होता. पांढऱ्या झुपकेदार मिशा, सरळ काठीसारखा. चपला ठेवून बसला नाही, स्वतः उभा राहिला, म्हणून लक्षात आहे. त्याच्या पुढं एक जण घुसला. मग त्याचा भाऊ घुसला. मग त्यांचा कोण तरी. म्हातारा मोठ्यानं खाकरला आणि माझ्याकडं बघितलं. मी खुर्चीतून अर्धा उठलो होतो. पण मला वाटलं, हे तिघं मुद्दाम घुसलेत, हेच चौकशीचे. मी तिघांना खुर्च्या दिल्या, चहा सांगितला. म्हातारा दीड तास उभा होता. त्याचा नंबर आला तेव्हा सर्व्हर बंद पडला. मी म्हणालो, "आजोबा, उद्या या हं." तो तसाच ताठ निघून गेला.

त्या म्हाताऱ्याचं मला वाईट वाटलं. पण एकदा सगळं ठरलं की मी त्याला शोधून त्याचा दाखला घरपोच देईन.

मामा, आता माझ्यात काही खोट काढायला जागा नाही. सुभेदारांना बोलतं करा. वाट बघून बघून मी घरात येरझाऱ्या घालतोय, फरशी झिजेल.

साईराज


विटा,
७ एप्रिल

चि. साईराज, आशीर्वाद.

हे पत्र लिहायला चार दिवस लावले. आता सरळ सांगतो.

तो मिशाळ म्हातारा सुभेदार हुता.

त्यानं दुसऱ्या कुणाला धाडलंच न्हाई, सोता आला. चार दिसांमागं त्यानं मला घरी बोलावलं आणि पाटीवर लिहिलं. ती पाटी मी पुसली न्हाई, तशीच उतरून देतो: 'पोरगं गोड हाय. पण पाठीला कणा न्हाई. माझ्यासमोर तिघं लायनीत घुसले, ह्यानं त्यांना चहा पाजला. उद्या माझ्या पोरीला कुणी ढकललं तर हा त्याला बिस्किट बी देईल. पसंत न्हाई.'

आता माझी चूक सांगतो. पहिल्यांदा त्याच्याकडं गेलो तवाच मी त्याला खरं काय ते सांगितलं हुतं: भाचा भांडखोर हाय, डोकं गरम हाय, पण अन्याव बघून गप बसत न्हाई. आणि गड्या, तो खूश झाला हुता. म्हणाला, असाच पायजे, फौजेत असं पोरगं लय कामाचं. हे मी तुला कळवलं न्हाई. म्हणलं, कशाला धोका, जरा गप राह्यलं तर अजून बरं दिसंल. तुझी पत्रं वाचून हसत बसलो. आता सुभेदार म्हणतो, आप्पा, तू मला खोटं सांगितलंस, तुझा भाचा तर वरणभात हाय. मी त्याला तुझी सगळी पत्रं दाखवली. त्यानं वाचली. 'आजोबा, उद्या या हं' तिथं बोट ठेवलं आणि परत दिली.

चौतीस वर्षांत एक पाशिंजर चुकीच्या गाडीत बसवला न्हाई. तुला बसवला.

सोबत पोरीची चिठ्ठी हाय. मी वाचली न्हाई. (वाचली.)

आप्पासो

*

साईराज,

रविवारी, तेरा तारखेला, फलटणहून पाहुणे बघायला येणार आहेत. मुलाचं नाव विश्वजीत, साखर कारखान्यात नोकरी आहे. बाबांनी हो म्हणून टाकलंय, म्हणजे येऊ दे म्हणून.

भांडू नका म्हणाले ती मीच. बाबा काय बघणार हे मला माहीत नव्हतं, आणि तुम्ही हो म्हणाल असंही वाटलं नव्हतं. गाडीत त्या माणसानं तुम्हाला कोपर मारलं आणि तुम्ही त्याचीच काळजी केलीत, तेव्हा मला रडू आलं. मला वाटलं, हे मी काय करून ठेवलं.

तुम्ही या किंवा येऊ नका. मी बोलावलं म्हणून येऊ नका. पण आलात तर तुम्ही या. त्या चहावाल्याला पाठवू नका.

राजनंदिनी


विटा, सुभेदारांची पायरी,
१३ एप्रिल, दुपार

मामा,

तुम्ही आत बसलाय आणि मी बाहेर पायरीवर. आत काय झालं ते तुम्ही सगळं बघितलं, पण ऐकलं नाही. तुम्ही मधून मधून हात वर करून मला 'बस, बस' करत होता, त्यावरून तुम्हाला वेगळंच काहीतरी वाटलं असणार. म्हणून कोण काय बोललं ते लिहून ठेवतो. बाहेर आलात की वाचा. मांडीवर कागद ठेवून लिहितोय, अक्षर सांभाळून घ्या.

मी दारात आलो तेव्हा फलटणच्या पाहुण्यांपैकी ते जाड काका फोनवर होते. स्पीकर चालू. पलीकडचा माणूस कुणाच्या तरी बैलाला जुलाब लागल्याचं सांगत होता आणि राजनंदिनी हातात पोह्यांचा ट्रे घेऊन, ते जुलाब संपायची वाट बघत, उभी होती. काका तिला हातानंच 'ठेव, ठेव' करत होते.

मी म्हणालो, "पावणं, फोन बाहेर घ्या. ती उभी आहे."

ते म्हणाले, "तू कोण?"

तेवढ्यात सुभेदार. "आला व्हय चहावाला? बिस्किटं आणली का?" तुम्हाला त्यांच्या मिशा हलताना दिसल्या असतील. हसत नव्हते ते.

मामा, इतके दिवस दाताखाली धरलेलं सगळं तोंडात आलं. पण ओरडलो नाही. मी म्हणालो, "सुभेदार, मी त्या तिघांना चहा दिला, ही माझी चूक. तुमी चौथे होता, तुमचं काम पहिल्यांदा व्हायला पायजे होतं. मला तुमची माफी मागायची आहे आणि ती मागतो. पण तुमीबी तिथंच होता की. दीड तास. तिघं तुमच्या पुढं घुसले. तुमी का बोलला न्हाई?"

तुम्ही तेव्हा पहिल्यांदा हात वर केलात. बसू कसा?

सुभेदार म्हणाले, "मी चौकशीला गेलतो. माझी वळख पटायला नको हुती."

"मग मी कशाला गप होतो? मला वाटलं तेच चौकशीचे. तुमी ओळख लपवायला गप, मी तुमच्या धाकानं गप. आणि ते तिघं कोण? कुणाचेच न्हाईत! फुकट खुर्चीत बसून चहा पिऊन गेले!"

काकांच्या फोनमधून अजून "हॅलो? हॅलो?" येत होतं. मग राजनंदिनीनं ट्रे खाली ठेवला आणि म्हणाली, "बाबा, मेजरनं तुम्हाला उलट विचारलं तर तुम्ही उत्तर द्यायचा ना? यांनी विचारलंय. द्या की."

सुभेदार तिच्याकडं बघत राहिले. मग माझ्याकडं. मग ते जे बोलले ते तुम्हाला नक्कीच समजलं नसणार, कारण त्यांनी मान खाली घातली होती. ते म्हणाले, "बोलायला पायजे हुतं. जीभ वळवळत हुती माझी. फौजेत असतो तर तिघांचे कान धरले असते." आणि हसले. त्या मिशांच्या आत दात आहेत हे मला आज कळलं.

मग ते फलटणच्या मुलाला म्हणाले, "जरा सरकून घ्या, पावणं. ह्याला बसू द्या."

आणि तो विश्वजीत खरंच सरकला. चांगला मुलगा आहे, मामा. नवा शर्ट घालून आला होता, घडी मोडलेली नव्हती. कानापर्यंत लाल झाला होता. काका म्हणाले, "हे काय चाललंय? आमी आधी आलोय!" आणि मला पहिल्यांदा त्या माणसाचं म्हणणं पटलं.

तुम्हीही सरकलात आणि तुमच्या शेजारची जागा हातानं थोपटलीत. तेव्हा मी जे बोललो त्यावर तुम्ही कपाळाला हात लावलात, म्हणून तेवढं नीट सांगतो. मी म्हणालो, "न्हाई. हे आधी आलेत. फलटणहून आलेत, उन्हाचे आलेत. यांचं बघणं नीट होऊ द्या, चहा होऊ द्या, काय विचारायचं ते विचारू द्या. मी मागनं आलोय, माझा नंबर यांच्या मागं."

राजनंदिनीला म्हणालो, "मी असाच आहे. भांडणार. कधी चुकीच्या जागी पण भांडणार, ते तू सांभाळ. चालेल का ते आत्ता यांच्यासमोर सांगू नको. यांच्या पोह्यांचा अपमान होईल. हे गेल्यावर सांग. नाही म्हणालीस तरी मी ऐकून घेईन, मग जाईन."

तिनं पदर सावरला, माझ्याकडं न बघता एक पोह्यांची बशी उचलली आणि विश्वजीतच्या पुढं ठेवली. नीट ठेवली, चमच्यासकट.

सुभेदार उठून उभे राहिले. मी त्यांना नमस्कार केला, तुम्हाला केला, काकांनाही केला. बाहेर आलो, दार ओढून घेतलं आणि पायरीवर माझा नंबर लावून बसलो.

साईराज